चिमूटभर अंजन
सून नातीसाठी एरंडेलाच्या दिव्यावर काजळ धरते, तेव्हा त्या वासासरशी मी सिंदेवाहीजवळच्या आमच्या अंगणात जाऊन पोचतो. सातवीत शाळा सुटली होती आणि मी भिलाईला कामाला निघालो होतो. आईजवळ शिंपल्यात चिमूटभर अंजन होतं, आलापल्लीकडच्या एका वैदूने दिलेलं, एकदाच पुरेल एवढं. परागंदा झालेल्या तिच्या भावाचा, माझ्या मामाचा ठाव बघायला तिने ते जपलं होतं, पण त्या दुपारी माझ्यासाठी काढलं. त्यात पायाळू, म्हणजे पायांकडून जन्मलेल्या माणसालाच दूरचं आणि पुढचं दिसतं म्हणतात, म्हणून ते एरंडेलात कालवून पायाळू काकीच्या अंगठ्याच्या नखावर चोपडलं. काकीने नख उन्हात धरलं नि हसली, "साहेब होते का पाहू?" आई म्हणाली, "ते राहू दे. जेवून राह्यला का, तेवढं पाह्य." काकी नख उन्हात इकडेतिकडे फिरवून बघू लागली. "दिसत नसन तर मी त्याले जाऊच देत नाई," आईने माझी पिशवी स्वतःकडे ओढून घेतली. "दिसते ना बाई! मोठं ताट हाये, पोटभर जेवून राह्यला." तेव्हा कुठे आईने माझी पिशवी माझ्या हाती दिली. काकीला खरंच दिसलं की नाही, कोण जाणे. मामाचा ठाव शेवटपर्यंत लागला नाही, आईही गेली. आणि इथे परमुलखात मी अजून, भूक नसली तरी, वाढलेल्या ताटाला नाही म्हणत नाही.