डेलाच्या आजीची मावशी

माझी भाची केतकी टोरंटोत नर्स आहे. तिचा फोन आला, "मावशी, माझ्यासोबत काम करणारी डेला मुंबईला येतेय. तिला फिरवशील?" म्हटलं, एवढंच ना! लालबागमध्ये जन्म गेला माझा, ब्लॉगवर तुम्हा लोकांना गल्ल्या दाखवत फिरते. "तिला गेटवे वगैरे नकोय गं," केतकी म्हणाली. "तिला एक कबर शोधायचीय."

डेला पन्नाशीची, ठेंगणी, कमी बोलणारी. ती अनिशिनाबे, कॅनडातल्या मोठ्या तळ्यांकाठच्या, अल्गाँकियन भाषा बोलणाऱ्या मूळच्या लोकांपैकी. तिच्या आजीच्या मावशीला लहानपणी मिशनच्या शाळेत नेलं. आईबापांना विचारतंय कोण! केस कापले, नाव बदलून रूथ ठेवलं, घरची भाषा बोलली की छडी. पुढे तिथल्या पाद्री जोडप्याची मुंबईला बदली झाली, तेव्हा त्यांची बाळं सांभाळायला हिलाही बोटीत घातलं. तेरा वर्षांची पोर! घरी एकच पत्र आलं, पाद्रीणबाईंच्या हातचं: रूथ मजेत आहे, गाणी शिकते, आंब्याच्या झाडाखाली खेळते. तिची बहीण, म्हणजे डेलाच्या आजीची आई, मरेपर्यंत वाट बघत राहिली. आता आजीच ब्याण्णवची. मावशी कुठे आहे एवढंच तिला डोळे मिटायच्या आत कळायला हवंय.

लालबागहून टॅक्सीने गिरगाव. नऊच्या आत निघा, नाहीतर रखडाल. आधी साबुदाणा वडा आणि पियुष, दोघींचं तीनशेत झालं. डेलाने वडा अर्धाच खाल्ला. ते पाद्रीसाहेब होते त्या चर्चच्या कार्यालयात मी महिनाभर आधी पत्र पाठवलं होतं, तुम्हीही तसंच करा. तिथल्या बाईंनी जुनी नोंदवही काढून ठेवली होती. रूथ, पाद्रीसाहेबांची मोलकरीण, तापाने मृत्यू. आडनाव नाही. पुढे दफनभूमीचं नाव. डेलाने पर्समधून पत्राची झेरॉक्स काढून तारीख ताडून पाहिली.

"पत्र लिहिलं तेव्हा तिला जाऊन पाच महिने झाले होते," ती म्हणाली.

"अरे देवा," कार्यालयातल्या बाई पुटपुटल्या. मला तर तिथेच रडू फुटलं. डेला रडली नाही. तिने वही मिटली आणि दफनभूमी किती लांब आहे ते विचारलं.

परळच्या पुढे आहे ती. दुपारी फाटक बंद असतं, चारनंतर जा. रखवालदार मार्टिनकाका, वय झालेले, बोलायला मोकळे. मी वहीतून उतरवून घेतलेली नोंद दाखवली.

"बाई, ती कबर कुठली राहायला? मुंबईत मेलेल्यांनाही जागा नाही. वर्षानुवर्षं कोणी विचारायला आलं नाही की कबर उघडतात. हाडं मागच्या विहिरीत, जागा दुसऱ्याला. ही पोर कधीच विहिरीत गेली असणार. तिचं इथे होतं कोण?"

डेला माझ्या तोंडाकडे बघत होती. "काय म्हणाले?"

आणि मी माती खाल्ली. कोपऱ्यात आंब्याचं झाड होतं, खाली बिननावाचा दगड. मी तिकडे हात केला. "ती."

मार्टिनकाका माझ्याकडे बघतच राहिले.

डेला गुडघ्यांवर बसली. पिशवीतून तंबाखू काढून तिने दगडापाशी ठेवला. त्यांच्यात गेलेल्यांना तोच देतात. मग आजीला व्हिडिओ कॉल केला, तिकडे नुकती सकाळ झाली होती. म्हातारीने पडद्याला बोट लावलं आणि मावशीला तिच्या खऱ्या नावाने हाक मारली. ते नाव इथे लिहू नकोस, असं डेलाने बजावलंय. मला तेव्हा वाटत होतं, पुण्याचंच काम केलं मी.

लालबागला घरी सासूबाईंनी बांगड्याचं तिखलं केलं होतं. "जेव गो चेडवा, सुकलंस किती," त्यांचं मालवणीत चाललेलं, आणि डेला काही न कळता हसत होती. दिवसभरात पहिल्यांदाच. जेवता जेवता म्हणाली, "आजीने आंबा बघितला. म्हणाली, म्हणजे त्या पत्रात थोडं तरी खरं होतं."

आता त्या पाद्रीणबाईच्या थापेलाही मीच साक्षीदार! राहवेना. विहीर, रखवालदार, सगळं सांगून टाकलं.

डेलाने उठून हात धुतले. "त्या बाईनेही आम्हाला वाईट वाटू नये म्हणूनच लिहिलं असेल," एवढंच बोलली. दोन शिव्या हासडल्या असत्या तरी चाललं असतं मला.

दुसऱ्या दिवशी मी येते म्हटलं तर "नको." दफनभूमीत एकटीच गेली, तंबाखूची पिशवी रिकामी घेऊन परतली.

"आजीला सांगितलंस?"

"सांगितलं."

"काय म्हणाली?"

"फोन ठेवून दिला."

डेला कॅनडाला परतल्याला दोन महिने झाले. केतकी सांगते, आजी आता मावशीचा विषयच काढत नाही. मी रोज स्वयंपाक करते, बाजाराला जाते, आणि कोणी काही विचारलं की उत्तर द्यायला एक क्षण जास्त लावते.

तुमच्यापैकी कोणी तिकडे गेलंच, तर आंब्याखाली थांबू नका. तिथे कोण आहे मला माहीत नाही. सरळ मागच्या भिंतीपर्यंत जा. सिमेंटचं झाकण घातलेली विहीर आहे, पाटी नाही. रूथ तिथे आहे. आणि रूथ हे तिचं नाव नाही.