केसावर चालणारा पंखा

साठ सालानंतरची गोष्ट. अकोल्याच्या सरकारी क्वार्टरात खोल्या दोन आणि माणसं सहा: मी, नवरा, सासूबाई आणि तीन दीर. वलगावला माहेरी निदान शेत होतं, रडायचं झालं तर कपाशीच्या पऱ्हाटीत जाऊन बसता यायचं. इथे आतून कडी लावता येईल अशी एकच जागा होती, न्हाणी. पाच मिनिटांत अंगावर पाणी घ्यायचं आणि उरलेली दहा मिनिटं पाटावर नुसतं बसायचं. कुणी हाक मारत नाही, कुणी काही मागत नाही. त्या दहा मिनिटांवर मी दिवस काढत होते. कुणाला हे वाढवून सांगितल्यासारखं वाटेल. वाटो.

आणि नेमका तिथेच नवऱ्याने पंखा बसवला.

तो वीज खात्यात सुपरवायझर. न्हाणीला खिडकी नव्हती, कढत पाण्याची वाफ स्वयंपाकघरात शिरायची आणि डब्यातल्या कुरड्या मऊ पडायच्या. म्हणून त्याने कापसाच्या जिनातून मोडीत निघालेला एक पंखा आणून झरोक्यात बसवला. इथवर ठीक होतं. पण बटण दाबून पंखा लावणं त्याला कमीपणाचं वाटलं. सूतगिरणीत त्याने हवेतली ओल मोजायचं यंत्र पाहिलं होतं. त्यात माणसाचा केस ताणून लावलेला असतो. ओल आली की केस लांबतो, हवा वाळली की आखडतो. कापूस ओला की कोरडा, या प्रश्नावर अख्खं वऱ्हाड जगतं. पण न्हाणीला तो प्रश्न विचारणारा माझा नवराच पहिला. एका भोकाभोकांच्या डब्यात त्याने केस ताणला, केसाला पत्र्याची पट्टी बांधली आणि डबा न्हाणीच्या भिंतीवर तोंडाच्या उंचीला ठोकला. केस लांबला की पट्टी खाली टेकायची आणि पंखा सुरू.

केस अर्थात माझा, फणीतून काढलेला. चार दिवस तो ढिम्म हलेना. नवरा स्क्रू पाव फेरा पिळायचा, पाव फेरा सोडायचा आणि वहीत लिहून ठेवायचा. पाचव्या दिवशी सासूबाई बाजेवरून म्हणाल्या, "अरे, तिचा केस तेलात मुरला हाये. त्याले ओल कशी लागन?"

मग त्याने तो एक केस वाटीत सोडा घालून धुतला, शिकेकाई लावली, सावलीत वाळवला. माझ्या अख्ख्या डोक्याच्या वाट्याला इतकी माया कधी आली नव्हती.

आता यंत्र चाललं. पंखा असा घरघरायचा की अख्ख्या लायनीला कळायचं. शेजारीण भिंतीपलीकडून विचारायची, "झालं वाटते आंग धुनं?" पाणी अंगावर घेणं संपलं की वाफ जायची, केस आखडायचा, पंखा थांबायचा. लगेच बाजेवरून सासूबाईंचा आवाज, "पंखा थांबला वं. आत काहून बसून राह्यली?"

गेली माझी दहा मिनिटं. इतका चहाडखोर पंखा मी दुसरा पाहिला नाही. केस तोडून टाकावा असं रोज वाटायचं, पण नवऱ्याने पाकिटात सात केस धुऊन ठेवले होते.

एक दिवस पंखा थांबला आणि मला रडूच कोसळलं. हाक यायच्या आत उठले, त्या डब्याजवळ तोंड नेऊन त्याला शिव्या घातल्या. तर पंखा सुरू! माझ्या श्वासाने केस लांबला होता. त्या दिवसापासून मी पाटावर बसायचे आणि अधूनमधून उठून डब्यात फुंकर मारायचे. बाहेर सगळे समजायचे, बाई न्हातेय.

एका रविवारी सासूबाई न्हाणीत गेल्या. सासरे जाऊन वर्ष होत आलं होतं आणि लोकांसमोर त्यांच्या डोळ्यांतून टिपूस आलं नव्हतं. पंखा अर्धा तास घरघरला. नवरा पेचकस घेऊन दाराशी उभाच. त्या बाहेर आल्या तेव्हा केस कोरडे, लुगडं कोरडं, डोळे सुजलेले. त्याने आत डोकावून पाहिलं.

"फरशी कोरडी, बादली भरेलच हाये. मंग पंखा काहून चालून राह्यला एवढा वेळ? केसच बिघडला हा. डबा उकलून वर छताले लावतो."

छताला! तिथवर फुंकर कशी पोचणार? सासूबाई पदराचं टोक मुठीत दाबून उभ्या होत्या.

"बादली म्या भरली आत्ता," मी म्हटलं. "फरशीबी म्याच पुसली."

"कवा पुसली? मी तं इथंच उभा हावो."

"तुमचं ध्यान पंख्याकडं होतं."

हे मात्र त्याला पटलं. त्याने पेचकस खिशात घातला आणि वहीत लिहिलं, केस उत्तम.

दुपारी मी भाकरी थापत होते. सासूबाई चुलीशी येऊन बसल्या, दाराकडे एकदा पाहिलं आणि हळूच विचारलं, "तू फुंकतं का वं?"

मी मान डोलावली.

"मले तं दम पुरत नाई," त्या म्हणाल्या. "पदराचं टोक ओलं करून डब्याले लावा लागते."