तख्तावरची अर्धी जागा

सुजाताचे बाबा गेले, त्याला दीड महिना होत आला. दुपारी मी चहा घेऊन आले तं हे झोपल्यासारखेच दिसले... मला आधी तसंच वाटलं. पुण्यानुमोदनाला आलेली माणसं त्यांच्या भट्टीवरच्या कामाबद्दल बोलली. मला मात्र त्यांच्या झोपेचं सांगायचं आहे.

भिलाईत तेव्हा पोलादाचा प्लांट उभा होऊन राहिला होता. आमचं एका खोलीचं क्वार्टर, एक तख्त, त्यावर आम्ही दोघं अन् मधात दोन महिन्यांची सुजाता. हे ड्यूटीवरून येत ते अंगातलं सारं बळ तिकडंच ठेवून. पडले की ढोल वाजवला तरी उठायचे नाहीत. एका दुपारी मी नळावरून पाणी घेऊन आले, तर त्यांचा जड हात पोरीच्या छातीवर, तिचं तोंड रजईत अर्धं दबलेलं, धड रडताही येत नव्हतं. मी तिला ओढून घेतलं. ती रडली, मी रडले. हे मात्र झोपलेलेच.

उठल्यावर मी त्यांना सांगितलं. मशिनींच्या खोक्यांच्या फळ्या मिळत, त्या आणून त्यांनी उथळशी पेटी केली. कुठं कुसळ राहिलं का म्हणून आतून बोटं फिरवून पाहिली अन् तख्तावर आपल्याच जागी ती ठेवली. आत घट्ट घडीची गोधडी. उशी नाही, रजई नाही, पोरीला उताणीच निजवायचं. स्वतः खाली सतरंजीवर.

शेजारच्या कमलाबाईंनी आमचं भांडण झालं असं ठरवूनच टाकलं. ते गोंदियापर्यंत पोचलं, अन् सासूबाई आल्या त्या रागातच. सतरंजी पाहून मला म्हणाल्या, "कावून वं, भट्टीवर राबणाऱ्या मानसाले जमिनीवर टाकतं? बाप आहे का पाहुणा?"

मी काही सांगायच्या आधी हेच बोलले, "माय, मले झोप लागली का मी मेल्यावानी पडतो. पोरगी खाली दबली तं मले समजनच नाही. ते तिथं, मी इथं, तवा कुठं मले झोप येते."

सासूबाईंनी पेटीत वाकून पाहिलं... मग पिशवीतून नातीसाठी शिवून आणलेली उशी काढली अन् लेकाच्या सतरंजीवर ठेवली.

पुढे धाकटा प्रमोदही त्याच पेटीत वाढला. तख्त मोकळं झालं, मी वर या म्हटलं, तर हसत, म्हणत, आता खालीच बरं वाटते. क्वार्टर सुटलं, बोरसी गावात स्वतःचं घर झालं, तरी ते खालीच, माझ्या तख्ताला लागून.

सतरंजी आता घडी करून ठेवली आहे. पण सकाळी उठताना माझा पाय अजून एकदम खाली टेकत नाही... आधी बोटांनी चाचपते, त्यांच्यावर पडू नये म्हणून.