माझ्याआधी रुई

शाळेतल्या मैत्रिणींनो, आपली फिरती वही सध्या माझ्याकडे आहे, म्हणून आजचंच लिहिते. आज सोलापुरात माझं लग्न झालं.

पण त्याआधी सकाळी नवऱ्याचं लग्न लागलं ते रुईच्या झाडाशी. हे गिरणीत जॉबर, म्हणजे कामगारांवरचे मुकादम आहेत. यांच्या दोन बायका वारल्या. तिसरी जगत नाही म्हणतात, म्हणून तिसरी रुई आणि चौथी मी.

मी लांबून पाहत होते. मारुतीला वाहतो ती जांभळट फुलं, मधे मुकुटासारखा उंचवटा. खोडाला काळे मणी बांधताना एक पान तुटलं आणि दूध गळायला लागलं.

माहेरची माणसं दुपारच्या गाडीनं केमला परतली. घरात माझ्याशी कुणी बोलेना. संध्याकाळी तांब्या घेऊन मी रुईकडे गेले, तर मागून सासूबाई ओरडल्या, "तिला पानी घालू नगं! ती वाळली म्हंजी तू जगशील की."

रुई भर उन्हाळ्यात पाण्यावाचून फुलते, हे ठाऊक आहे मला. तरी तांब्या ओतला.

आज दिवसभरात माझ्यासाठी कुणी काही केलं असेल, तर तिनंच. तिला कोरडी ठेवून तुम्ही परत फिरला असता का गं?