राजेश्वरचा चंद्र

कागद कापताना राजेश्वरचं तोंडही कात्रीबरोबर उघडायचं, मिटायचं. मोबाइलवर फोटो काढताना तो श्वास रोखून धरायचा. रस्त्यात कुणी घसरलं तर आधी कसं पडलं ते नीट बघायचा, मग उचलायला धावायचा.

तेलुगू मुलखातल्या अंबरपेठेत त्याचं फ्लेक्सचं दुकान. दिवसभर पुढाऱ्यांचे चेहरे गोरे करायचे आणि संध्याकाळी काचेवर कागदी देव हलवायचे. हालचालीगणिक एक फोटो, सगळे जोडून सिनेमा. सुरुवातीच्या मूक कार्टूनांसारखा. आवाज अजिबात नाही. "देव बोलायला लागला की भाषण होतं रे," म्हणायचा.

यंदा गणपती आणि चंद्राची गोष्ट होती. मोदक खाऊन गणपती उंदरावरून घसरतो, चंद्र हसतो, गणपती चिडून त्याला सुळा फेकून मारतो. चंद्राचं हसू जमायला उन्हाळा गेला. आमच्या मराठी मंडळात चतुर्थीला हा सिनेमा दाखवायचा, लोकांना हसताना बघायचं, एवढंच त्याला हवं होतं.

अध्यक्ष नामदेवराव आधी दुकानात पाहून गेले.

"चतुर्थीला चंद्रदर्शन? सगळ्या मंडळावर चोरीचा आळ आणतोस काय?"

"काका, कागदाचा आहे तो."

"हौ, पण चंद्रच ना? नक्को."

राजेश्वर भांडेल असं मला वाटलं. त्यानं चंद्र फाडला, जुना सिनेमा पुसला आणि रिकाम्या आभाळाखाली सगळं पुन्हा केलं.

चतुर्थीला पडद्यावर गणपती पडला. वर कुणीच नव्हतं. तरी तो चिडला. सुळा उपटून त्यानं थेट पहिल्या रांगेकडे भिरकावला. तिथं कार्यकारिणी बसली होती.

"अम्मा, नामदेवकाकांना मारला!" मागून एक मुलगी ओरडली. सभागृह हसून लोळलं.

"मुद्दाम केलंस!" नामदेवराव उठले. चंद्र न बघताही आळ आला होता, तो राजेश्वरवर.

चंद्र कुणी काढून टाकायला लावला, एवढंच त्यानं सांगायला हवं होतं. त्यानं हात जोडले. "चुकलं काका." काय चुकलं ते दोघांनाही ठाऊक नव्हतं. नामदेवरावांनी उदार मनानं क्षमा केली आणि आणखी एक मोदक घेतला.

"कोजागिरीला तर चंद्र बघायचाच असतो," राजेश्वर बाहेर मला म्हणाला. "तेव्हा दाखवू."

कोजागिरीला दुकानात गेलो. तो नामदेवरावांच्या वाढदिवसाच्या फ्लेक्सवर त्यांचे गाल गोरे करत होता. माझ्याकडे बघितलं नाही. काचेवर नवा चंद्र पडला होता. डोळे कापून झालेले. ओठांची रेघ पेन्सिलीनं आखलेली, आणि कात्री तिच्या निम्म्यावर थांबलेली.