मॅक्फर्सनांची वही

“हाही आपला नव्हे.”

ऑफिसच्या पँट्रीत मी कपात गरम पाणी घेत होते, तेव्हा मागून हे वाक्य आलं. मराठीत. मी वळले नाही. नोकरीचा चौथा दिवस होता. सिंगापूरच्या पाया लेबार भागातल्या त्या चौदाव्या मजल्यावर आणखी कोणी मराठी आहे हे मला माहीत नव्हतं, आणि असलंच तर मी मराठी आहे हे त्याला कळू नये असं वाटत होतं. कळलं की प्रश्न सुरू होतात. मूळचे कुठले, बाबा कुठल्या कंपनीत, लग्नाचं काय.

समोरच्या कपाटाच्या काचेत ते दिसले. साठी ओलांडलेले, सडसडीत, चष्मा नाकाच्या शेंड्यावर. हातात कुठल्याशा दंतवैद्याचं जाहिरातीचं पत्रक होतं. त्यांनी खिशातून एक जाड निळी वही काढली, पत्रकावरून काहीतरी उतरवून घेतलं, कॉफीचा घोट घेतला आणि स्वतःशीच म्हणाले, “यापेक्षा बिल्जमधलं पाणी बरं.”

बिल्ज म्हणजे जहाजाचा अगदी तळ, तेलकट घाण पाणी साचतं ती जागा. चार दिवसांच्या नोकरीत मला तेवढं समजलं होतं. मला हसू आवरलं नाही.

“हसलीस! म्हणजे मराठी. सापडलीस बघ.”

आमचं ऑफिस जहाजांना माणसं पुरवायचं. पासपोर्ट, सर्टिफिकेटं, मेडिकलचे कागद तपासणं हे माझं काम. ते आयुष्यभर इंजिनरूममध्ये राहून चीफ इंजिनियर म्हणून निवृत्त झाले होते आणि आता नव्या इंजिनियरांच्या मुलाखती घ्यायचे. सगळे त्यांना ‘चीफ’ म्हणायचे. जहाजावरची ती रीतच आहे. तिथे कोणी कोणाला नावाने हाक मारत नाही, हुद्द्याने मारतात. चीफ, सेकंड, थर्ड, बोसन, कुक. इंजिनरूममधला सगळ्यात धाकटा तो फिफ्थ. मी ऑफिसात सगळ्यात धाकटी, म्हणून त्यांनी मला त्याच दिवशी फिफ्थ करून टाकलं.

मला ते सोयीचं होतं. मी इथल्याच यिशुनमध्ये वाढले, इंग्रजी शाळेत शिकले. आमच्याकडे कॉफीवाला अंकल, झाडणारी आंटी, लिफ्टमध्ये भेटणारे सगळे अंकल आणि आंटी. नाव विचारावं लागत नाही, सांगावं लागत नाही. लाजाळू माणसाला याहून चांगली व्यवस्था कुठली? तुमच्यापैकीही काहीजण अशा आडोशाने राहत असतील.

चीफ मात्र या व्यवस्थेच्या मुळावर उठले होते. स्वतः सगळ्यांना हुद्द्याने हाक मारायचे, पण नाव विचारल्याशिवाय कोणाला सोडायचे नाहीत. “आडनाव झालं. आता नाव?” हे त्यांचं ठरलेलं वाक्य. कॉफीवाल्याला विचारलं, कुरियरवाल्याला विचारलं. आमच्या मजल्यावर फरशी पुसणाऱ्या आंटीला विचारलं, तेव्हा ती घाबरलीच. “व्हाय? आय डू समथिंग राँग, आह?”

“नो, नो. जस्ट नेम.”

तिने पुसणं थांबवून सांगितलं, सिउ लान. मग रिसेप्शनवरच्या मुलीला म्हणाली, “धिस चीफ व्हेरी फनी लाह.” पण त्यानंतर त्यांच्या टेबलाखालचा केर ती सगळ्यात आधी काढू लागली.

माझं नाव त्यांनी मधल्या नावासकट विचारून घेतलं होतं. “वडिलांचं? अच्छा. आता तू पूर्ण सापडलीस,” म्हणाले आणि पुन्हा फिफ्थच म्हणू लागले.

ते तोआ पायोहला राहायचे. संध्याकाळी बिशानपर्यंत आमची MRT, म्हणजे मेट्रो, एकच. पाया लेबारच्या पुढचंच स्टेशन मॅक्फर्सन. दार उघडून नाव पुकारलं गेलं की चीफ दोन बोटं कपाळाला लावायचे, देवळावरून जाताना लावतात तशी. पहिल्यांदा मी बघून न बघितल्यासारखं केलं. आठवड्याभराने धीर करून विचारलं, “चीफ, इथे कोणी राहतं का तुमचं?”

त्यांनी उत्तराऐवजी वही माझ्या हातात दिली.

वहीभर मॅक्फर्सन होते. कॅलेंडरवर सण लिहितात तसे बारीक, टापटीप अक्षरात. पहिल्या पानावर हे स्टेशन, हा रस्ता आणि इथली सरकारी घरांची वसाहत, तिन्ही कुणा जुन्या साहेबाच्या नावाची. पुढे मोटारीच्या चाकावर जो स्प्रिंगचा खांब असतो, तो. ‘मॅक्फर्सन स्ट्रट. माणूस इंजिनियर. आपला नव्हे, पण अभिमान वाटला.’ एक ऑस्ट्रेलियन बंदर-पायलट. कोलकात्याच्या एका शाळेच्या मुख्याध्यापिका. कॅनडातला एक मासेमार, ज्याची आजी तिथल्या मूळच्या लोकांतली होती. आणि एका पानावर, ‘कुत्रा. तपकिरी. मालकीणबाईंना विचारलं, नाव असं का? म्हणाल्या, स्टेशनवर सापडला.’

“मूळ स्कॉटलंडचं आडनाव,” ते म्हणाले. “मॅक म्हणजे मुलगा. कुणा पाद्र्याचा मुलगा, म्हणून मॅक्फर्सन. आपल्याकडे धंद्यावरून जोशी, कुलकर्णी पडलं ना, तसंच. आता कुठेकुठे पोचलंय बघ.”

“पण तुम्ही शोधताय कोणाला?”

बिशान आलं होतं. त्यांची गाडी दक्षिणेला, माझी उत्तरेला. ते फलाटावरच्या बाकावर बसले आणि त्यांनी मला ती गोष्ट सांगितली. तीन गाड्या गेल्या.

चाळीसहून जास्त वर्षांपूर्वी चीफ स्वतः फिफ्थ होते. पहिलंच जहाज. इंजिनरूममध्ये मशिनांना तेलपाणी करणारा एक जमैकन माणूस होता, वयाने त्यांच्याहून थोडा मोठा. हुद्दा ऑइलर, म्हणून हाकही ऑइलर. बॉयलरसूटच्या खिशावर शिक्का होता, मॅक्फर्सन. चीफनी एकदा विचारलं होतं, गोऱ्यांचं आडनाव तुला कसं? तो हसून म्हणाला होता, ज्या साहेबाचं उसाचं शेत होतं, त्याचं नाव. माझा पणजा त्या शेताबरोबर त्याच्या मालकीचा होता. साहेब गेला, शेत गेलं, नाव आमच्याकडे राहिलं.

एक दिवस तेल साफ करण्याच्या खोलीत पाइप फुटला, तेल गरम लोखंडावर उडालं आणि आग लागली. चीफ आत होते. धुरात दार सापडेना. ऑइलरने त्यांना कॉलर धरून ओढलं आणि शिडीवरून वर चढवलं. शिडीचा कठडा तापून लाल व्हायचा बाकी होता. त्याने तो डाव्या हाताने धरला होता.

“तळहात गेला त्याचा. पुढच्या बंदरात त्याला उतरवलं. हाताला हे एवढं बँडेज. मी वर डेकवर उभा. त्याने खालून हात केला. आणि मी ओरडून काय म्हणालो माहितीये? थँक यू, ऑइलर.”

त्यांनी वही माझ्या हातून परत घेतली आणि मिटली.

“नऊ महिने एकत्र काढले गं. नाव नाही विचारलं.”

मी म्हटलं, क्रू लिस्टमध्ये असेल की. होतंच, ते म्हणाले, कॅप्टनच्या कपाटात. त्यांनी कधी पाहिली नाही. पुढे कंपनी बुडाली, जहाज अलंगला भंगारात गेलं. पत्रं लिहिली, ती परत आली. “नुसत्या आडनावावर शोधायला गेलो तर हे बघ, कुत्रासुद्धा निघतो.” आणि ते हसले. मला हसता आलं नाही.

त्यानंतर मीही मॅक्फर्सन शोधू लागले. एखादं पुस्तकाचं पान, एखाद्या दुकानाची पाटी. फोटो काढून त्यांना पाठवायचे. उलट टपाली उत्तर यायचं, ‘हाही आपला नव्हे. पण नोंद घेतली.’ आईला माझं फार नवल वाटायचं. “परक्या माणसाशी बोलतेस तू? आणि चीफ काय चीफ, काका म्हण.” ते मात्र मला जमलं नाही.

मग चीफची नजर जायला लागली. आधी मुलाखती थांबल्या. वहीतलं अक्षर मोठं झालं, मग वाकडं. मुलगी पुण्याहून रोज फोन करायची. शेवटी तिकडे जायचं ठरलं.

त्यांच्या शेवटच्या आठवड्यात, सोमवारी, माझ्याकडे एक फाइल आली. बावीस वर्षांचा मुलगा, फिफ्थ इंजिनियर म्हणून पहिलंच जहाज. देश जमैका. आडनाव मॅक्फर्सन.

मी फाइल बंद केली, पुन्हा उघडली. आमच्याकडचा नियम पहिल्याच दिवशी सांगितला होता, फाइलमधलं फाइलमध्येच राहतं. तो मला पटतोही. कोणी माझे कागद उघडून चर्चा केली तर मला आवडेल का? म्हणून मी काही बोलले नाही. सोमवार गेला, मंगळवार गेला. हे सगळं नियमामुळे, असं मी स्वतःला सांगत होते.

शुक्रवारी केक कापला. सिउ लानने संत्री आणली होती. बिशानला उतरल्यावर चीफनी वही काढली. “मला आता दिसत नाही. तू ठेव.”

“ओके, चीफ.”

“काही सांगायचंय का तुला? आठवडाभर बघतोय. म्हणजे, दिसत नाही, तरी बघतोय.”

“नाही, चीफ.”

त्यांनी माझ्या डोक्यावर हात ठेवला आणि सरकत्या जिन्याकडे गेले. पायऱ्या नीट दिसत नसल्याने पाऊल आधी थोडं पुढे टेकवून बघत होते.

पुढच्या सोमवारी गाडी मॅक्फर्सनला थांबली, तेव्हा माझ्या शेजारी कपाळाला बोटं लावणारं कोणी नव्हतं. बॅगेत वही होती. ऑफिसात पोचले आणि तासाभराने तो मुलगा काउंटरवर उभा राहिला. उंच, नवा शर्ट, नुकतीच केलेली दाढी. मी कागद दिले, सह्या घेतल्या. रिसेप्शनवरची म्हणाली, “ऑल द बेस्ट, मिस्टर मॅक्फर्सन.” तो लिफ्टकडे निघाला.

तेव्हा मला कळलं की नियम फाइलपुरता होता. माणूस तर समोरून चालत होता. त्याला विचारायला मला कोणी मना केलं नव्हतं. चीफ या जागी असते तर त्याचं नाव, बापाचं नाव, गावाचं नाव विचारून मोकळे झाले असते.

मी काउंटरच्या बाहेर आले. पळालेच बहुतेक, कारण सिउ लानने बादली बाजूला घेतली.

“एक्स्क्यूज मी.” त्याला ऐकू गेलं नाही. पुन्हा म्हटलं. मग एका दमात सगळं सांगून टाकलं. जहाज, आग, ऑइलर, डावा तळहात. तुमच्या घरात असं कोणी होतं का?

तो गोंधळला, मग हसला. नाही, त्याचे आजोबा बस चालवायचे. आणि त्याच्या भागात अर्धं गाव मॅक्फर्सन आहे.

हाही आपला नव्हे. मी सॉरी म्हणून वळणार, तोच तो म्हणाला, “थांबा. माझी आजी. तिला सगळे मॅक्फर्सन पाठ आहेत. जिवंत आणि मेलेले.” आणि त्याने तिथेच फोन लावला. इकडे सकाळ, तिकडे आदली रात्र नुकती सुरू झालेली.

पडद्यावर एक म्हातारी आली. डोक्याला फडकं, चष्मा नाकाच्या शेंड्यावर. नातवाने काहीतरी भराभर सांगितलं. तिने हाताने त्याला गप्प केलं आणि माझ्याकडे बघितलं. डावा हात? तिने विचारलं. जहाजावरचा? तिने डोळे मिटले, ओठ हलवत मनात काही मोजू लागली. मग डोळे उघडून म्हणाली, आधी हे सांग मुली, इतक्या वर्षांनी त्याला विचारतंय कोण, आणि कशासाठी?

लिफ्ट आली. दार उघडलं, आतली चार माणसं माझ्याकडे बघत होती. रिसेप्शनवरची बघत होती, सिउ लान बघत होती. एरवी मी जिना गाठला असता.

मी फोन दोन्ही हातांनी धरला आणि मोठ्याने म्हणाले, “आजी, माझ्या काकांना एका माणसाला हाक मारायची राहून गेली आहे. नावाने.”