यादीत नसलेली वाडी

आधीच सांगते, खाली कमेंटमध्ये 'ताई, कोडमध्ये बग असेल' असं लिहायला येऊ नका. बारा वर्षं हेच काम करतेय मी. भूत, करणी, बाहेरची बाधा... यातलं काहीही मी कधी मानलं नाही, आणि आजसुद्धा मानते म्हणायला जीभ रेटत नाही.

मी कोल्हापुरात कसबा बावड्यात राहते, ऑफिस राजारामपुरीत. एका दूध संस्थेसाठी आम्ही टेम्पोचा रूट काढणारं सॉफ्टवेअर केलं. गगनबावड्याकडची तेवीस संकलन केंद्रं. कुठून कुठं गेलं की कमी अंतर पडेल, ते अल्गोरिदम ठरवतो आणि रोज सकाळी ड्रायव्हरला कागद मिळतो. साधं काम.

त्यात एक वाडी होती. तीन घरं, सात म्हशी, दोन कॅन दूध आणि त्यासाठी आत नऊ किलोमीटर वळणाचा रस्ता. हिशेबात बसेना. 'ही वाडी काढा' हे मीच सुचवलं. तिथल्या हौसाक्कांनी शिवामामांकडून, म्हणजे ड्रायव्हरकडून, माझा नंबर घेतला आणि फोन केला.

"बाई, गाडी न्हाय आली तर दूध काय वड्यात वतू? दुसरं कोण बी येत न्हाय हिकडं!"

मी म्हणाले, "अक्का, ते सिस्टीम ठरवते. माझ्या हातात काही नाही."

खोटं होतं. फोन ठेवला आणि मीच नाव डिलीट केलं.

दुसऱ्या दिवशी कागदावर वाडी अकराव्या नंबरला! यादीत बावीस नावं, रूटमध्ये तेवीस. अहो, डब्यात चार चपात्या घातल्या तर पाचवी कुठून निघेल? अल्गोरिदम दिलेली नावं फक्त क्रमानं लावतो, स्वतःच्या मनानं नाव घालत नाही. जुनी फाईल असेल म्हणून सगळं पुसलं, परत इन्स्टॉल केलं. पुन्हा तेवीस. तिसऱ्या दिवशीही तेच. मामा रोज जाऊन दूध आणत होते. मी फोनवर ओरडले तर उलट मलाच म्हणाले, "कागदावर हाय म्हणून गेलतो की! माझ्यावर का डाफरतीस?"

चौथ्या दिवशी संस्थेच्या मॅनेजरनी बोलावलं. त्यांच्याच कॉम्प्युटरवर, त्यांच्या डोळ्यांदेखत, मी बावीस नावं एकेक करून टाईप केली. बटण दाबलं. तेवीस.

साहेब हसले. "दया आली व्हय? सरळ सांगायचं की! शेतकऱ्याची पोरगी तू, मला कळत न्हाय व्हय?"

माझं डोकंच फिरलं. "साहेब, मी घातलेलं नाही! मी काढलंय ते!"

"हे बघ," ते म्हणाले, "माणसानं घातलं म्हणशील तर मी राहू देतो. मशीन मनानं करतंय म्हणालीस तर संचालक तुझं सॉफ्टवेअरच बंद करतील. काय लिहू?"

मग काय करणार? 'वाडी मी हाताने समाविष्ट केली' असं लिहून खाली सही केली. जे केलं नाही त्याची कबुली! इतका संताप आयुष्यात कधी आला नव्हता.

आठवड्यानं हौसाक्का ऑफिसात. दोन एसट्या बदलून आलेल्या, हातात स्टीलचा डबा. म्हैस व्यालेली, खरवस आणला होता.

"मामानं सांगितलं, तू सही दिलीस म्हणून. माझ्यासाठनं कुणी येवढं केलं न्हाय बग, पोरी."

चारचौघांत त्यांनी माझ्या गालावरून हात फिरवून बोटं मोडली. काय सांगणार? की अक्का, तुमच्या वाडीचं नाव काढणारी मीच? एक वडी तोंडात घातली, बाकीच्या ऑफिसात वाटल्या.

अक्का एसटी स्टँडकडं गेल्यावर मी यादी उघडली आणि वाडीचं नाव स्वतःच्या हातानं टाईप केलं. तेव्हापासून यादीत तेवीस, रूटमध्येही तेवीस. एकदाही चूक नाही.

पण त्याआधीचे ते दिवस नाव कोण घालत होतं? कोड शंभरदा वाचलाय. उत्तर मिळालेलं नाही. निदान माझी सही तरी आता खोटी राहिलेली नाही.